डोमिनिकन रिपब्लिक: २०१६ ला ६२ टक्के घेणारा सत्ताधारी पक्ष २०२४ ला १० टक्क्यांवर, हे झालं कसं?

कल्याणस्लो

नमस्कार मंडळी. एमए पॉलिटिक्सच्या दुसऱ्या वर्षाला आहे, या सेमला अध्यक्षीय पद्धतीवर प्रेझेंटेशन आहे आणि मॅडमनी प्रत्येकाला एकेक देश वाटून दिलाय, मैत्रिणींना फ्रान्स, ब्राझील वगैरे आणि माझ्या वाट्याला डोमिनिकन रिपब्लिक. घरी सांगितलं तर बाबा म्हणाले अगं आपल्या यशस्वी जैस्वालने पहिल्याच टेस्टला १७१ काढले तोच देश. तिथून सुरुवात केली आणि आता तीन आठवडे जाता येता गाडीत हेच वाचतेय, खरं सांगते आता सोडवत नाहीये.

मराठीत काही म्हणजे काही मिळालं नाही म्हणून इथे विचारते. निकाल वहीत उतरवून काढलेत. दानिलो मेदिना, पीएलडी पक्षाचे, २०१६ ला जवळजवळ ६२ टक्के मतं घेऊन दुसऱ्यांदा अध्यक्ष. २०२० ला त्याच पक्षाचा उमेदवार ३७ टक्के. २०२४ ला १० टक्के आणि सिनेटच्या ३२ जागांपैकी एकही नाही. आणि हा पक्ष २००४ ते २०२० सलग सोळा वर्षं सत्तेत होता! बरं या काळात देशाची वाट लागली होती म्हणावं तर तसंही नाही, टुरिझम जोरात, ग्रोथ चांगली. मग लोक एवढे का उलटले? की लोक नाही, पक्षातच काही झालं? दुसरं म्हणजे आता सत्तेत आहे तो पीआरएम २०१४ चा पक्ष दिसतो, म्हणजे सहा वर्षांत थेट अध्यक्ष निवडून आणला, हे कसं जमतं? कोणाला माहिती असेल तर प्लीज सविस्तर सांगा, गुरुवारी माझा नंबर आहे.

शिवाजीपार्क_कट्टा

ताई आधी एक गोष्ट क्लिअर करून घे नाहीतर पहिल्याच स्लाईडला घोळ होईल. जैस्वालने १७१ मारले ते रोसोला, विंडसर पार्कवर, जुलै २०२३. तो देश डोमिनिका. छोटंसं बेट, साधारण सत्तर हजार वस्ती, इंग्रजी बोलतात, वेस्ट इंडिजमध्ये खेळतात. तिथे खरी सत्ता पंतप्रधानाकडे, रूझवेल्ट स्केरिट २००४ पासून तेच आहेत, अध्यक्ष संसद निवडते. तुझा देश वेगळा. हैतीच्या शेजारी, एकाच बेटावर दोघं, भाषा स्पॅनिश, लोकसंख्या एक कोटीच्या वर, क्रिकेट नाही बेसबॉल. तिथे अध्यक्ष थेट लोकांच्या मतांनी, अमेरिकेसारखं इलेक्टोरल कॉलेज नाही. बाकी राजकारणाचं इथले जाणकार सांगतील.

खारवा_माझगाव

बेटा तुझा प्रश्न वाचून बरं वाटलं, कारण मी हा देश निवडणुकीच्या ऐन दिवसांत बघितलाय. २००४, मे महिना. मी थर्ड इंजिनिअर होतो, मक्याचं जहाज होतं, सांतो डोमिंगोच्या पश्चिमेला हाइना म्हणून बंदर आहे तिथे लागलं. धक्क्यावर उतरलं की समोर विजेच्या खांबांना, टपऱ्यांना, मोटरसायकलींना झेंडे. पांढरा पीआरडीचा, म्हणजे तेव्हाच्या सत्ताधारी पक्षाचा, जांभळा पीएलडीचा, आणि मधेच लाल, त्यावर कोंबडा, तो माजी अध्यक्ष बालागेर यांच्या रिफॉर्मिस्टा पक्षाचा. पोस्टर वाचता यायचं नाही पण रंग बघून कोणाची गल्ली ते कळायचं.

आमच्या गँगवेला एक वॉचमन असायचा, साठीचा माणूस, तोडकंमोडकं इंग्रजी. रोज संध्याकाळी लाईट जायची, बंदराच्या बाहेरची सगळी वस्ती काळोखात आणि फक्त आमचं जहाज उजळलेलं, त्याची मला फार लाज वाटायची. एक दिवस त्याने खिशातून पेसोच्या नोटा काढल्या, एक एक करून रेलिंगवर ठेवल्या आणि समजावलं की दोन वर्षांपूर्वी एवढ्यात तांदूळ, तेल, कोंबडी सगळं यायचं, आणि मग त्यातल्या अर्ध्याहून जास्त नोटा बाजूला सरकवून म्हणाला आता एवढंच. जन्मभर पीआरडीला मत दिलेला माणूस. या वेळी जांभळ्याला देणार म्हणाला, आणि हे सांगताना घरातलं कोणी गेल्यासारखा चेहरा केला होता त्याने.

मागचं कारण असं की २००३ ला तिथली बानिन्तेर नावाची मोठी खासगी बँक बुडाली, दुहेरी हिशोब ठेवले होते, जवळजवळ सव्वादोन अब्ज डॉलरचा खड्डा. सरकारने ठेवीदारांचे पैसे भरून द्यायचे ठरवले, त्यासाठी नोटा छापाव्या लागल्या आणि डॉलरला १७-१८ पेसो होते ते २००४ च्या सुरुवातीला ५० च्या आसपास गेले. इपोलितो मेहिया अध्यक्ष होते, पीआरडीचे. त्यात त्यांनी २००२ ला घटना बदलून स्वतःला परत उभं राहायची सोय करून घेतलेली. १६ मेला मतदान झालं आणि पीएलडीचे लिओनेल फर्नांडेस पहिल्याच फेरीत ५७ टक्क्यांनी आले. मतदानाच्या आधी दारूबंदी असते तिथे, आपल्या ड्राय डेसारखीच, त्यामुळे आमची पोरं किनाऱ्यावर जाऊन तशीच परत आली. बोटाला शाई पण लावतात, वॉचमनने दुसऱ्या दिवशी येऊन मला बोट दाखवलं होतं.

म्हणून सांगतो, तुझा पीएलडी सोळा वर्षं टिकला त्याचं पहिलं कारण हे आहे की त्याने लोकांना त्या दोन वर्षांतून बाहेर काढलं. तांदूळ स्वस्त झाला, लाईट सुधारली, मेट्रो आली. मेट्रो २००९ ला सुरू झाली तिथे, आपल्या वर्सोवा-घाटकोपरच्या पाच वर्षं आधी. लोक उपकार विसरत नाहीत. पण कायम लक्षातही ठेवत नाहीत.

गिरगावचे_मास्तर

खारवा साहेबांनी २००४ चं चित्र फार छान उभं केलं. मी तीस वर्षं ज्युनिअर कॉलेजला राज्यशास्त्र शिकवलं, लॅटिन अमेरिका हा माझा आवडीचा भाग, त्यामुळे थोडं मोठं लिहितो, कंटाळा आला तर सांग.

बाळ, तुझ्या प्रश्नात उत्तराचं अर्धं टोक तूच पकडलंयस, "पक्षातच काही झालं का". हो, पक्षातच झालं. आणि हे पहिल्यांदा नाही झालेलं. त्या देशात सत्ताधारी पक्षाला विरोधकांनी हरवलं असं वरवर दिसतं पण आत गेलं की बहुतेक वेळा एकच भांडण सापडतं, खुर्चीवरच्या माणसाने लागोपाठ परत उभं राहायचं की नाही. हा प्रश्न आला की पक्ष फुटतो आणि फुटलेला तुकडा काही वर्षांनी सत्तेत येतो. हे धरून चाल, सगळी वंशावळ आपोआप लागते.

मूळ झाड पीआरडी. १९३९ ला क्युबात, परागंदा लोकांनी काढलेला पक्ष, कारण देशात त्रुहियोची हुकूमशाही, १९३० पासून. राजधानीला त्याने स्वतःचं नाव दिलं होतं, सिउदाद त्रुहियो. १९६१ च्या मे महिन्यात त्याला गोळ्या घातल्या. त्या वेळी नावाला अध्यक्ष कोण तर होआकिन बालागेर, हे नाव लक्षात ठेव. १९६२ च्या डिसेंबरात निवडणूक झाली, पीआरडीचे हुआन बॉश साठ टक्क्यांच्या आसपास मतं घेऊन आले. लेखक माणूस, जमीन सुधारणा, कामगारांचे हक्क असली घटना केली आणि सात महिन्यांत, सप्टेंबर १९६३ ला लष्कराने घरी पाठवलं. १९६५ ला लोक रस्त्यावर आले की आमची घटना आणि आमचा अध्यक्ष परत द्या, रेडिओवरून लोकांना बाहेर पडा म्हणून हाक देणारा तरुण होता होसे फ्रान्सिस्को पेनिया गोमेस. आणि २८ एप्रिलला अमेरिकेचे मरीन उतरले, दुसरं क्युबा नको म्हणून. वर्षभराने निवडणूक, बालागेर जिंकले आणि बारा वर्षं हलले नाहीत.

आता पहिली फूट. बॉश १९७३ ला, ज्याच्या संस्थापकांपैकी ते स्वतः एक होते त्याच पीआरडीतून बाहेर पडले आणि पीएलडी काढला. म्हणजे तुझा पीएलडी. सुरुवातीला हा पक्ष म्हणजे एक शाळाच, सभासद व्हायचं तर आधी अभ्यास मंडळात बसून वाचायचं, चर्चा करायची, मग कार्ड. मागे राहिलेल्या पीआरडीने १९७८ ला बालागेरना हरवलं. मतमोजणी चालू असताना सैनिक निवडणूक मंडळाच्या कार्यालयात घुसले आणि मोजणी बंद पाडली. जिमी कार्टर यांनी दम भरला तेव्हा कुठे पुढे सरकली. आंतोनियो गुस्मान अध्यक्ष झाले. एका निवडून आलेल्या सरकारने दुसऱ्या पक्षाला शांतपणे सत्ता देण्याची त्या देशातली ही पहिली वेळ, पण जाता जाता मंडळाने निवाडा करून सिनेटच्या चार जागा बालागेरांच्या पक्षाला दिल्या आणि सिनेटचं बहुमत त्यांच्याकडे राहिलं. गुस्मान यांनी १९८२ ला सत्ता सोडायला सहा आठवडे उरले असताना स्वतःला गोळी मारून घेतली, हे सांगताना वर्गात माझा आवाज नेहमी बदलायचा.

१९८६ ला बालागेर परत. ऐंशीच्या घरात, डोळ्यांनी जवळपास दिसत नाही. १९९० ला बॉशविरुद्ध थोडक्यात जिंकले, गैरप्रकाराचे आरोप झाले. १९९४ ला समोर पेनिया गोमेस. हा माणूस नीट समजून घे. काळा, आईवडील हैतीचे, १९३७ ला त्रुहियोने सीमेवर हजारो हैतियन लोकांची कत्तल केली त्या वर्षी जन्मलेला, डोमिनिकन शेतकरी कुटुंबाने वाढवलेला. त्याच्याविरुद्धचा प्रचार काय तर हा आपला नाही, हा निवडून आला तर दोन देश एक करेल. मतदानाच्या दिवशी हजारो लोक कार्ड घेऊन केंद्रावर गेले आणि यादीत नावच नाही. बालागेर साधारण २२ हजार मतांनी जिंकल्याचं जाहीर झालं.

मग ऑगस्ट १९९४ चा समझोता, तुझ्या प्रेझेंटेशनचा हा मध्य असायला हवा. बालागेर यांची मुदत चारवरून दोन वर्षांवर आणली. लागोपाठ दुसऱ्यांदा उभं राहायला बंदी. आणि पहिल्या फेरीत ५० टक्क्यांच्या वर गेला नाही तर दुसरी फेरी. १९९६ च्या पहिल्या फेरीत पेनिया गोमेस ४६ टक्के, लिओनेल फर्नांडेस ३९ टक्क्यांच्या जवळ, बालागेर यांच्या स्वतःच्या पक्षाचा उमेदवार १५. त्याच्या प्रचाराला बालागेर गेलेच नाहीत. आणि दुसऱ्या फेरीआधी काय झालं, तीस वर्षं एकमेकांचं तोंड न बघणारे बॉश आणि बालागेर एका स्टेजवर आले, बॉश ८६, बालागेर ८९, मधे ४२ वर्षांचे लिओनेल, आणि दोघांनी त्यांचे हात उचलून धरले. लिओनेल ५१ टक्क्यांनी जिंकले. ज्या दुसऱ्या फेरीचा नियम पेनिया गोमेस यांच्यावरच्या अन्यायाची भरपाई म्हणून आला त्याच नियमाने ते हरले. १९९८ च्या मे मध्ये, काँग्रेसच्या, म्हणजे तिथल्या संसदेच्या, निवडणुकीला आठवडाही उरला नव्हता, तेव्हा कॅन्सरने गेले.

आता पटकन पुढे. २००० ला पीआरडीचे मेहिया ४९.८७ टक्के, दुसरी फेरी समोरच्यांनीच सोडून दिली. मेहियांनी पुन्हा उभं राहायची मुभा आणली, पक्षात भांडणं लागली, बँक बुडाली, गेले. लिओनेल २००४, २००८. २०१० च्या नव्या घटनेने लागोपाठची बंदी परत. म्हणून २०१२ ला मेदिना उमेदवार, सोबत उपाध्यक्षपदाला लिओनेल यांच्या पत्नी मार्गारिता सेदेन्यो. लिओनेल यांचा हिशोब असावा की चार वर्षांनी खुर्ची परत माझी. (इथे मी तर्क करतोय, पण पुढचं बघितलं तर चुकीचा वाटणार नाही.) आणि २०१५ ला मेदिनांनी घटना बदलली, मीच परत. तिथून पीएलडीला तडा गेला. २०१६ चे ६२ टक्के हे तडा गेलेल्या माठातलं पाणी होतं, बाहेरून माठ भरलेलाच दिसत होता.

२०१९ ला मेदिनांचे लोक तिसऱ्यांदासाठी पुन्हा घटनेला हात घालायला निघाले, लिओनेल यांचे समर्थक काँग्रेसच्या इमारतीबाहेर ठाण मांडून बसले. जुलैत मेदिनांनी माघार घेतली पण आपला माणूस पुढे केला, गोन्सालो कास्तियो. ऑक्टोबरच्या पक्षांतर्गत निवडणुकीत लिओनेल २६ हजारांच्या आसपास मतांनी हरले, मशीनमध्ये गडबड आहे म्हणाले आणि ज्या पक्षाचे अध्यक्ष होते त्या पक्षातून ४६ वर्षांनी बाहेर पडले. नवा पक्ष फुएर्सा देल पुएब्लो, रंग हिरवा. २०२० ला त्यांना फक्त ९ टक्के. पण २०२४ ला २९ टक्के आणि जुना पक्ष १०. म्हणजे पीएलडीची मतं हवेत नाही गेली बाळ, बरीचशी घर बदलून शेजारी राहायला गेली.

येऊरचा_वारा

मास्तर सर तुमचं सगळं वाचलं, खूप शिकायला मिळालं, पण सगळं खुर्चीच्या भांडणावर टाकलं तर साध्या लोकांचा राग कुठे गेला? मी २०१९ ते २०२० प्रोजेक्टवर न्यूयॉर्कला होतो, वॉशिंग्टन हाइट्सला भाड्याने राहायचो, तो सगळा एरिया डोमिनिकन लोकांचा. लिओनेल फर्नांडेस स्वतः लहानपणी तिथेच वाढलेले. आणि तिथली माणसं मत पण देतात बरं का, २००४ पासून परदेशातून मतदान आहे, परदेशातल्या लोकांचे सात खासदार आहेत काँग्रेसमध्ये. आपल्याकडे एनआरआय लोकांना मत द्यायला विमानाने यावं लागतं, हे मला तिथे सांगितलं तर कोणाला खरं वाटायचं नाही.

तर १६ फेब्रुवारी २०२०, तिथे नगरपालिकांच्या निवडणुका होत्या. मोठ्या शहरांत टचस्क्रीन मशीन लावलेल्या आणि सकाळी मतदान सुरू झाल्यावर कळलं की बऱ्याच मशीनवर काही पक्षांचे उमेदवारच दिसत नाहीयेत. चार तासांत अख्ख्या देशाची निवडणूक थांबवली! त्या आठवड्यात मी केस कापायला गेलो होतो. न्हाव्याने कात्री खाली ठेवली आणि फोन माझ्यासमोर धरला, त्याची बहीण सांतो डोमिंगोहून व्हिडिओ कॉलवर, गॅलरीत उभी राहून पळीने पातेलं बडवत होती आणि मागे सगळ्या बिल्डिंगमधून तोच आवाज. दुकानातले सगळे गप्प झाले, एक म्हातारे गृहस्थ उभे राहिले. महिन्याभराने मी इथे आपल्याकडे थाळ्या वाजवताना टीव्हीवर बघितलं तेव्हा मला तीच बाई आठवली, फक्त ती चिडून वाजवत होती. निवडणूक मंडळाच्या समोर प्लासा दे ला बांदेरा म्हणून मोठा चौक आहे, तिथे काळे कपडे घालून रोज तरुण मुलं येत होती, कुठल्याच पक्षाचे झेंडे नाहीत, फक्त देशाचा.

त्याच्या आधीचं पण घ्या. ओडेब्रेख्त ही ब्राझीलची बांधकाम कंपनी, २०१६ च्या डिसेंबरात अमेरिकेच्या कोर्टात कबूल झालं की डोमिनिकन रिपब्लिकमध्ये ९२ मिलियन डॉलर लाच वाटली. जानेवारी २०१७ ला लोक हिरवे टीशर्ट घालून रस्त्यावर आले, मार्चा व्हेर्दे म्हणतात त्याला, किती तरी महिने चाललं ते. हे सगळं लिओनेल आणि दानिलो यांचं जमत नव्हतं म्हणून झालं का? सोळा वर्षांत लोकांना वीट आला होता.

कल्याणस्लो

बापरे, एवढं मिळेल असं वाटलंच नव्हतं, सगळ्यांचे मनापासून आभार. शिवाजीपार्क दादा, स्लाईड बदलली. खारवा काका, तुमचा नोटांचा किस्सा मी आईला वाचून दाखवला, ती भाजी निवडत होती, हात थांबला तिचा.

आता मला दोन शंका. एक, पीआरएमचं अजून कळलं नाही, तो आला कुठून. दोन, मास्तर सर म्हणतात तसं लागोपाठ उभं राहिलं की पक्ष फुटतो, तर २०२० ला निवडून आलेले पीआरएमचे राष्ट्राध्यक्ष लुईस आबिनादेर पण २०२४ ला लागोपाठ दुसऱ्यांदा उभे राहिले की, ५७ टक्के मिळाले पहिल्याच फेरीत, पीआरएम तर फुटला नाही. मग तुमचा नियम चुकतो का सर? रागावू नका.

मोहम्मदअली_रोड_वाचनालय

पीआरएमचं मी सांगतो. २०१२ ला पीआरडीचे उमेदवार मेहिया, ४७ टक्के घेऊन हरले. पक्षाध्यक्ष मिगेल व्हार्गास आणि मेहिया यांचं आधीपासून पटत नव्हतं, हरल्यावर एकमेकांवर खापर. कोर्टकचेऱ्या झाल्या आणि पीआरडी हे नाव, पांढरा झेंडा, पेटत्या मशालीची खूण सगळं व्हार्गास यांच्याकडे राहिलं. मेहिया, आबिनादेर आणि बहुतेक कार्यकर्ते बाहेर पडून २०१४ ला पीआरएम झाले. गंमत नाही सांगत, २०१६ ला मूळ पीआरडी चक्क पीएलडीबरोबर युतीत होता, म्हणजे आयुष्यभर ज्याच्याशी लढले त्याच्याच मांडवात. लोक चिन्हाबरोबर नाही गेले, माणसांबरोबर गेले. त्यामुळे पीआरएम सहा वर्षांचा म्हणू नका, तो १९३९ चाच पक्ष आहे, पाटी नवीन.

नाव एकाकडे, माणसं दुसरीकडे, हे आपल्या महाराष्ट्रात गेल्या काही वर्षांत दोनदा...

मॉडरेटर

महाराष्ट्राचा विषय दुसऱ्या धाग्यावर घ्या प्लीज. इथे चांगलं चाललंय, ते तसंच राहू द्या.

गिरगावचे_मास्तर

रागावतो कशाला, असा प्रश्न विचारणारी मुलं वर्गात असावीत म्हणून तर शिकवलं.

आधी येऊरच्या मित्राला. तुमचं म्हणणं मला मान्य आहे आणि मी माझं थोडं दुरुस्त करतो. राग खराच होता, मार्चा व्हेर्दे आणि त्या चौकातली मुलं नसती तर आबिनादेर पहिल्याच फेरीत ५२ टक्क्यांवर गेले नसते. पण राग २०१७ लाही होता आणि सरकारला धक्का लागला नाही, कारण संघटना एकसंध होती. फूट पडल्यावर रागाला वाट मिळाली. १९९० लाही राग होता, तरी बॉश थोडक्यात हरलेच. दोन्ही लागतं. २०२० ला मतदान कोविडमुळे १७ मेवरून ५ जुलैला गेलं, लोक मास्क लावून रांगेत उभे राहिले.

आता तुझी शंका. नियम चुकत नाही, त्याला एक कलम जोडायला हवं. २०१५ च्या बदलात लागोपाठ दोन मुदती, नंतर कधीच नाही, असं अमेरिकेसारखं झालं. म्हणजे आबिनादेर यांना दुसऱ्यांदा उभं राहायला घटना बदलावी लागली नाही, नियम आधीपासून तोच होता, पक्षातल्या कोणाला आपल्या ताटातलं हिसकावलं असं वाटायचं कारण नव्हतं. भांडण लागतं ते नियम मधेच बदलला की. बालागेर, मेहिया, मेदिना, तिघांनी आपल्यासाठी वाट काढली आणि तिघांच्या पक्षांची पुढे काय अवस्था झाली ते तुझ्या वहीत आहे. बालागेर यांचा लाल कोंबड्याचा पक्ष तर २००० साली ९३ वर्षांचे ते स्वतः उभे राहिले तेव्हा २५ टक्क्यांच्या जवळ होता, ते २००२ ला गेले आणि पक्ष आता दुसऱ्यांच्या यादीत जागा मागतो.

आणि म्हणूनच २०२४ चं जिंकल्यावर आबिनादेर यांनी जे केलं ते मला महत्त्वाचं वाटतं. ऑक्टोबर २०२४ ला नवी घटना आणली, अध्यक्षपदाच्या मुदतीचा नियम पुन्हा कोणाला घटनादुरुस्तीने बदलता येऊ नये असं कुलूप लावलं, आणि ते स्वतः २०२८ ला उभे राहू शकत नाहीत. खासदार १९० वरून १७० करायचे ठरले, २०३२ पासून नगरपालिकेच्या आणि अध्यक्षपदाच्या निवडणुका एकाच दिवशी. आता या कुलुपाची परीक्षा आहे, कारण २०२८ ला पीआरएममध्ये खुर्ची मोकळी आहे आणि इच्छुक भरपूर. समोर लिओनेल आहेत, १९९६ ला ४२ वर्षांचे होते आता सत्तरी ओलांडलेली, आणि त्यांचा मुलगा ओमार फर्नांडेस, २०२४ ला राजधानीतून सिनेटर झालेला.

एक मात्र मला खुपतं. २०२४ ला मतदान ५४ टक्क्यांच्या आसपास झालं. नव्वदीत या देशात सत्तरच्या वर असायचं. माठ फुटला, पाणी शेजारी गेलं हे मी म्हणालो, पण थोडं पाणी जमिनीत पण मुरलंय.

खारवा_माझगाव

एक राहिलं सांगायचं. नव्या अध्यक्षाचा शपथविधी १६ ऑगस्टला असतो, दर चार वर्षांनी. आणि स्वातंत्र्यदिन २७ फेब्रुवारी, १८४४ चा, स्पेनपासून नाही हैतीपासून मिळालेलं स्वातंत्र्य. अध्यक्ष त्याच दिवशी काँग्रेससमोर वर्षाचा हिशोब देतात. आपला मराठी भाषा दिन पण तोच. जहाजावर आम्ही कोकणातले तिघं होतो, वॉचमनला सांगितलं तर दुसऱ्या दिवशी घरून नारळाची मिठाई घेऊन आला.

कल्याणस्लो

काका हे मी घालणारच. सर, आता सगळं लागलं डोक्यात. सुरुवात १९९६ च्या त्या फोटोने करते, दोन म्हातारे आणि मधे लिओनेल, आणि मॅडम विचारतील हा फोटो कशाचा तेव्हा आधी फोटोत जो नाही त्याचं सांगेन, पेनिया गोमेस यांचं. शेवटी उच्चाराचं एक विचारायचं होतं, पीआरडीची ती मशालीची खूण, तिला तिथे काय म्हणतात? जे ने लिहितात, मी जाचो म्हणतेय.

खारवा_माझगाव

हाचो. जे चा ह करायचा, होआकिन, होसे, मेहिया सगळ्यांत तसंच. आणि प्रचारात लोक ओरडायचे हाचो प्रेन्दिओ, म्हणजे पेटलेली मशाल. गुरुवारी झालं की कसं गेलं ते इथे लिही.